गावचा माणूस

गोकुळदासाच्या वकिलाने न्यायाधीशांपुढे एक कागद ठेवला. त्यावरचा देवस्थानाचा शिक्का कमलाक्षीला मागच्या बाकावरूनही ओळखू आला.

पणजीच्या वरच्या कोर्टात ती सकाळपासून बसून होती. तिचा मुलगा सगुण गोकुळदासाच्या ट्रकवर ड्रायव्हर होता, सुर्ल्याची खनिज माती वाहायचा. ब्रेक लागत नाही तो ट्रक मी चालवणार नाही म्हणाला, म्हणून मालकाने त्याला जॅकच्या दांड्याने चार लोकांदेखत ठार मारलं. खालच्या कोर्टाने गोकुळदासाला जामीन नाकारला होता. इथेही नाकारावा, एवढंच तिचं मागणं. पंधरा दिवसांनी गावात देवाची पालखी दारोदार फिरणार होती, आणि पालखीच्या पुढच्या दांडीचा मान गोकुळदासाच्या घराण्याचा. तो खांदा आपल्या दारात उभा राहू नये, म्हणून ती आली होती.

वकील इंग्रजीत फाडफाड बोलत होता. शेजारी बसलेली पेडणे ठाण्याची शिपाई पार्वती कानाशी लागून सांगत होती.

"तपास संपलो म्हणता. आरोपपत्र झालां. तो खंय पळून जावचो नाय, पिढ्यानपिढ्या मुळां त्याची गावात. गावचे साठ जण तसां लिहून देतत."

"आणि?"

पार्वतीने आवाज आणखी खाली आणला. "साठांत तुजी पण सही आसा म्हणता."

सही तिची होतीच. सगुणाचं वर्षश्राद्ध झालं त्याच आठवड्यात देवस्थानाचा कारकून विठू प्रसादाचा नारळ घेऊन आला होता. "वयनी, देवाचो कागद," एवढंच म्हणाला. ती चौथी शिकलेली, वाचता येत होतं. पण देवस्थानाचा कागद वाचून सही करायची म्हणजे देवावर संशय घ्यायचा. त्या गावात असं कुणी करत नाही. गेल्या वर्षी पालखी तिच्या दारावरून न थांबता गेली होती. आता देवाला आपली आठवण झाली, याचंच तिला बरं वाटलं. जळलं मेलं ते बरं वाटणं.

न्यायाधीशांनी तिला पुढे बोलावलं. माणूस मराठी होता, आवाजही मऊ.

"बाई, ही सही तुमची?"

"होय. पण..."

"यात लिहिलंय, गोकुळदास तुमच्याच गावचा. घरदार, शेत, देवळातला मान, सगळं तिथलं. खरं आहे?"

कमलाक्षीने कागदात कुठे खोटं सापडतंय का पाहिलं. एक अक्षर जरी सापडलं असतं, तरी तिने ते दातांत धरलं असतं.

"खरां, साहेब. पण त्याणा माज्या झिलाक मारल्यान."

"ते खटल्यात बघू. आज तो प्रश्न नाही."

हे त्यांनी इतक्या मायेने सांगितलं की तिला शिसारी आली. तिने सरकारी वकिलाकडे पाहिलं. तिच्या बाजूने बोलायला सरकारने ठेवलेला माणूस तो. तो अर्धवट उठला, "कोर्टाला योग्य वाटेल ते," म्हणाला आणि बसून फाइलीची नाडी बांधू लागला.

जामीन झाला. दर शनिवारी ठाण्यावर हजेरी, आणि साक्षीदारांना भेटायचं नाही. चारांतले दोन साक्षीदार त्याच पालखीच्या मागच्या दांडीला खांदा देणारे. गावात हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं, आणि कागदात मात्र नव्हतं.

बाहेर व्हरांड्यात विठू हात जोडून पुढे आला. तोंडभर हसत होता.

"वयनी, देवान तुका बरी बुद्धी दिली. यंदा पालखी पयली तुज्या दारात थांबतली. मीच सांगतंय तसां."

कमलाक्षीने त्याच्याकडे पाहिलं. साठ सह्यांचा गाव, काळे कोट, तो मऊ आवाज, आणि सही करणारा स्वतःचा उजवा हात, सगळ्यांचीच तिला एकदम किळस आली. ती विठूच्या पायांपुढे, त्या गुळगुळीत फरशीवर थुंकली.

व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाकडून कोर्टाचा शिपाई धावत आला. सकाळपासून त्या इमारतीत कुणी इतक्या लगबगीने हललेलं तिने पाहिलं नव्हतं.

"कोण थुकलां हांगा?"

"मी," कमलाक्षी म्हणाली.

"पुसून काड. आत्ताच्या आत्ता."

ती तशीच उभी राहिली, त्याच्या तोंडाकडे बघत. ती कुठल्या गावची, किती पिढ्यांची, हे त्याने विचारलं नाही.