पाठमोरा

एलिओ वीस वर्षं छोट्या, स्वतंत्र सिनेमांत आणि माहितीपटांत कामं करत आला होता. तरी रस्त्यात त्याला कुणी ओळखत नसे. कार्लोफोर्ते या बेटावरच्या गावात चाललेल्या माहितीपटात तो समुद्रात बुडालेल्या एका मच्छीमाराची भूमिका करत होता. त्या मच्छीमाराची बायको, सत्तरीची झीतामावशी, रोज शूटिंगला येऊन त्याच्या चुका काढायची. "माझा नवरा असा ऐटीत चालायचा नाही रे. नट आहेस ना? खांदा पाड जरा."

शेवटचा शॉट तिच्याच घरासमोर होता. बुडाला त्या सकाळी तिचा नवरा तिच्याशी भांडून, मागे न बघता निघून गेला होता. एलिओ अगदी तसाच गेला.

"झालं! आवरा," दिग्दर्शिका लिव्हिया म्हणाली.

"एकदा वळून बघायला सांग ना त्याला," मावशी म्हणाली.

"मावशी, तो वळला नव्हता, असं तुम्हीच सांगितलंत. खोटं कसं दाखवू?"

"दाखव कुठं म्हणतेय मी?"

लिव्हियाने कॅमेरा बंद करायला लावला. एलिओने पुन्हा टोपी घातली, जाळं खांद्यावर टाकलं आणि तो निघाला. गल्लीच्या टोकाशी थांबून त्याने वळून पाहिलं.

मावशी दाराची चौकट धरून उभी होती. "जेवायला घरी ये," ती ओरडली. "माशाचा रस्सा करतेय."

या प्रसंगाला संवाद लिहिलेलाच नव्हता.

"येतो गं," एलिओ म्हणाला.