यादीत यादी

बाबांना जाऊन सहा महिने झाले होते, आणि दिल्लीतल्या आर. के. पुरमचं सरकारी क्वार्टर आज सोडायचं होतं. सामानाची यादी मी करत होते, अगदी बाबांच्या पद्धतीनं.

दर बदलीला बाबा प्रत्येक खोक्यावर पेनच्या टोपणानं दोनदा टकटक करत, आणि मगच यादीत हिरवी खूण करत. ऑफिसात हिरवी शाई फक्त मोठ्या साहेबांची, म्हणून घरी ते हौसेनं तीच वापरत. यादीच्या शेवटी ‘ही यादी’ असंही लिहीत. म्हणत, “नाहीतर नेमकी तीच मागे राहते.”

मीही बेचाळिसावी नोंद केली: ‘ही यादी’. मग यादी जमिनीवर ठेवून हात धुऊन आले.

“उन्नती, चलो, टेम्पोवाला थांबलाय,” आई दारातून म्हणाली.

“आई, यादीवर या हिरव्या खुणा तू केल्यास?”

“मी? ह्यांचं हिरवं पेन तर मी कालच पॅक केलं, बेटा.”

पहिल्या ओळीतल्या बुद्धमूर्तीपासून बेचाळिसाव्या ओळीपर्यंत हिरव्या खुणा होत्या. शाई अजून ओली होती. त्याखाली त्रेचाळिसावी ओळ होती, माझ्याच अक्षरात, पण मी न लिहिलेली: ‘यादी करणारी उन्नती’.

फक्त त्याच ओळीपुढे खूण नव्हती.

आई जिना उतरून गेली. रिकाम्या खोलीत मी यादी उचलायला वाकले, आणि माझ्या खांद्यावर कोणीतरी हलकेच टकटक केलं. दोनदा.