टाकीखालची माती

अविनाशने उंची मोजायच्या लेव्हलच्या दुर्बिणीला डोळा लावला. टाकीच्या एका खांबावरची लाल खूण सकाळपेक्षा चौदा मिलिमीटर खाली गेली होती. बाकीचे पाच खांब जागच्या जागी होते. त्याने पुन्हा पाहिलं. पंधरा.

नांदुऱ्याकडच्या त्या गावात पाण्याची नवी टाकी पहिल्यांदाच भरत होती. पाणी अर्ध्यावर आलं होतं आणि टाकीच्या सावलीत अख्खं गाव बसलं होतं. जागा मनकर्णाबाईंनी दिलेली, म्हणून त्यांची खुर्ची मधोमध. पूजा झाली होती, चहा फिरत होता. टाकीचा आराखडा काढणारा साहेब उन्हात उभा राहून घामाघूम झालाय, याचं कुणाला नवल वाटलं नाही.

बावीस वर्षांपूर्वी एका खोलीत कन्सल्टन्सी काढली, तेव्हा अविनाश स्वतः खड्ड्यात उतरून माती तपासायचा. मग नाव झालं, कामं वाढली, आणि आपल्या भागात सगळी काळीच माती, परत परत काय खणता, असं तो ऑफिसातल्यांना सांगू लागला. धामणगाव बढेचा मातीचा जुना अहवाल घ्यायचा, गावाचं नाव बदलायचं, खाली त्याची सही. कुठे काही बिघडलं नाही, म्हणून सवयच पडली.

त्याने पंपावरच्या पुंजाजीला पंप थांबवून टाकी रिकामी करायला लावली. मग सावलीत जाऊन, व्हॉल्व्ह गळतोय, जरा बाजूला व्हा, असं हसत हसत सांगितलं. त्याला वाटलं, एवढ्यावर निभावेल. चार जण उठले, बाकीचे हलेनात. गळलं तर पाणीच पडेल अंगावर, असं कुणी म्हणालं आणि हशा पिकला.

वर काहीतरी करकरलं. गाडी काढून पळून जावं, असं अविनाशला खरोखर वाटलं.

"बाई, उठा," तो मनकर्णाबाईंना म्हणाला. स्वतःचा आवाज त्याला ओळखू आला नाही. "इथली माती मी तपासलीच नाही. टाकी खचून राह्यली."

दोन मिनिटांत सावलीत चहाचे कागदी कप तेवढे उरले.

सगळे लांब बांधावर जाऊन उभे राहिले. कुणी शिव्या देत होतं, कुणी आपली लेकरं मोजत होतं. खालच्या पाइपातून पाणी धो धो बाहेर पडत होतं आणि खूण सतरावर येऊन थांबली होती. वाचलो, असं अविनाश मनात म्हणाला.

मनकर्णाबाई त्याच्याजवळ आल्या. त्या रागावल्या नव्हत्या, घाबरल्या होत्या.

"माह्या लेकीच्या गावची टाकी बी तुमचीच हाय ना, साहेब?" त्यांनी विचारलं. "तिच्या खाली अंगणवाडी भरते."

कोणतं गाव, हे विचारायचं अविनाशला धाडस झालं नाही.