बिनखांबांची ओसरी

जिन्याच्या शेवटच्या पायरीवर पुंडलिक हिवराळे थांबले. गच्चीवर छिन्नीचे ठोके पडत होते, आणि पुढं होऊन पाहायचा त्यांना धीर होत नव्हता.

वय चौऱ्याहत्तर. ज्योतीनगरातलं हे घर म्हणजे त्यांनी आर्किटेक्ट म्हणून बांधलेलं पहिलं घर. काळ्या दगडाच्या भिंती, रंग न दिलेलं काँक्रीट, आणि ओसरीवर आठ फूट पुढं हवेत गेलेला स्लॅब. खाली एकही खांब नाही. ऐंशी साली लोक सायकली थांबवून ते बघत. पाहुणे आले की भिंतीला चिकटून बसत. मग हळूहळू सगळ्यांची भीड चेपली. घराच्या मालकीण मुक्ताबाई शाळेतून निवृत्त झाल्या, तेव्हापासून रोज संध्याकाळी त्या ओसरीवर पंचवीस-तीस मुली गणित शिकायला येत.

गेल्या आठवड्यात मुक्ताबाईंना गच्चीवर, ओसरीच्या भिंतीलगत, या टोकापासून त्या टोकापर्यंत भेग दिसली. त्यांनी त्याच दिवशी वर्ग बंद केला. पुण्याच्या मुलानं फोनवर सांगितलं, पाडून टाक. त्यांनी पाडलं नाही, प्रेरणा मगरे या तरुण इंजिनिअरला बोलावलं. तिनं खालून लोखंडी टेकू लावले आणि म्हणाली, आधी फोडून आत बघू. पुंडलिकरावांना तिनं बोलावलं ते जुन्या नकाशासाठी. नकाशा त्यांच्या पिशवीत होता. त्यात चूक नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. भीती दुसरीच होती.

असा अधांतरी स्लॅब वरच्या अंगाच्या सळयांवर तोललेला असतो. काँक्रीट ओतताना कामगारांच्या पायांखाली त्या सळया दबल्या की घात. पार तळाला गेल्या तर खालच्या आधाराच्या फळ्या काढताच स्लॅब कोसळतो. अर्धवट दबल्या तर वर्षानुवर्षं तग धरतो, आणि एखाद्या दिवशी काही न सांगता खाली येतो. म्हणून त्या दिवशी आर्किटेक्टनं तिथून हलायचं नसतं. या ओसरीच्या वेळी पुंडलिकराव हलले होते. मे महिना होता. दुपारी ते जेवायला खोलीवर गेले, घटकाभर आडवे झाले आणि डोळा लागला. धावत परत आले तेव्हा पाच वाजून गेले होते. स्लॅब भरून झाला होता. करमाडचा धोंडिबा मिस्त्री हातपाय धूत होता. सगळं नीट झालं ना, असं त्यांनी विचारलं. व्हय, एवढंच तो म्हणाला. मुक्ताबाईंच्या यजमानांना, म्हणजे सरांना, मात्र पुंडलिकरावांनी सांगितलं, की मी शेवटपर्यंत उभा होतो.

पुढं त्यांनी शहरात चाळीसेक घरं बांधली. कुठल्याच स्लॅबवरून ते पुन्हा हलले नाहीत. पण या रस्त्यानं जाताना ओसरी जागेवर आहे ना, हे बघितल्याशिवाय त्यांची मान वळत नसे.

ठोके थांबले. प्रेरणानं हाक मारली.

ते गेले आणि गुडघे धरून खाली बसले. पाणी मुरू नये म्हणून वर घातलेला विटांचा कोबा निघाला होता. त्याखाली काँक्रीट, आणि बोटाच्या पेराएवढ्या खोलीवर सळई. गंजसुद्धा नाही. प्रेरणानं टेप लावून मोजलं आणि दुसरी जागा फोडायला सांगितली. मग तिसरी. तिसरा खड्डा तिनं जरा मोठा करून घेतला. सळईखाली लोखंडाचा एक वाकवलेला तुकडा उभा होता, सळईला वर धरून. नकाशात तो नव्हता.

"भेग नुसती कोब्यात आहे, सर," ती म्हणाली. "स्लॅबला काही झालेलं नाही. मिस्त्री कोण होता तुमचा? इतकं जपून आजही कुणी करत नाही."

पुंडलिकरावांनी नाव सांगितलं. धोंडिबाला जाऊन वीस वर्षं झाली होती. त्यांनी खड्ड्यात हात घातला आणि सळईवर बोटं ठेवली. थंडगार होती. त्यांना खोल श्वास आला, पोटापासून.

मुक्ताबाई पाण्याचा तांब्या घेऊन वर आल्या. प्रेरणानं त्यांना सगळं समजावलं आणि ती टेकूंचं बघायला खाली गेली. पुंडलिकरावांनी पाणी घेतलं नाही.

"वहिनी, स्लॅब भरला त्या दिवशी मी इथं नव्हतो. झोपलो होतो. सरांना मी खोटं सांगितलं."

"ठाऊक आहे," मुक्ताबाई म्हणाल्या.

त्या दिवशी कामगारांना पाणी द्यायला त्याच होत्या. धोंडिबानं सळयांवर फळ्या टाकल्या होत्या. फळी सोडून कुणी पाय टाकला की तो त्याच्या सात पिढ्या काढायचा. त्यांच्या यजमानांनी वर येऊन विचारलं होतं, साहेब कुठं आहेत.

"धोंडिबा म्हणाला, पोरगं चार राती जागलंय, निजू द्या त्याला. फिकर नका करू, म्या हाय."

पुंडलिकरावांनी मान वर केली. "म्हणजे सरांनाही माहीत होतं?"

"हो की."

"मग इतक्या वर्षांत एकदाही बोलला नाहीत?"

"तुम्ही विचारलं कधी, भाऊ?" मुक्ताबाईंनी तांब्या त्यांच्या हातात दिला. "आम्हाला वाटलं, तुम्ही विसरून गेला असाल."