भीतीचा धडा

"आई, आधी लहान तुकडा मार. एकदम डोक्यात नको," लेक म्हणाली.

"तू माझ्याच वर्गात होतीस ना? कधी खडू तरी फेकून मारला होता का मी?"

"खडू नाही मारलास. घरी येऊन चिमटे काढायचीस!"

बाई हसल्या नाहीत. खिडकीच्या कट्ट्यावर फुटक्या कुंडीचे तुकडे काढून ठेवले होते. खिडकी तळमजल्याची. समोर गाड्या लावायची जागा, तिच्यापलीकडे बुटकी भिंत, मग रस्ता. रोज दिवेलागणीला एक कोल्ही त्या भिंतीवरून उडी टाकी, स्कूटरींच्या मधून वाट काढी आणि खिडकीसमोर येऊन शेपूट पायांभोवती गुंडाळून बसे. पहिल्या बाकावरच्या मुलीसारखी. मग बाई तिला काहीबाही टाकत.

काल ती तशीच शेजारच्या इमारतीतल्या बाळाच्या गाडीपुढे जाऊन बसली. बाळाच्या हातात बिस्कीट होतं. तिनं नखसुद्धा लावलं नाही, पण बाळाच्या आईच्या किंकाळीनं साऱ्या खिडक्या उघडल्या.

आज सकाळी जनावरं पकडणारा पिंजरेवाला येऊन गेला. त्यानं आडपडदा ठेवला नाही. "माणसाला बघून पळणारी असती, तर हातही लावला नसता. ही धीट झालीय, आजी. लांब नेऊन सोडली तरी वस्तीतच येणार. अशांना मग झोपवतात."

"झोपवतात म्हणजे?"

"कळलं तुम्हाला." जाता जाता तो दारात थांबला. "उद्या पिंजरा घेऊन येतो. मला बघून पळाली, तर तसाच परत जाईन. आजचा दिवस आहे तुमच्या हातात."

बाईंचा सगळा जन्म मुलांची भीती घालवण्यात गेला होता. पाढ्यांची, फळ्याची, वरच्या वर्गातल्या दांडगट पोरांची. भीती घालायची कशी, ते त्यांना येत नव्हतं.

कोल्ही आली. बसली.

बाईंनी पहिला तुकडा बाजूला फेकला. कोल्ही उठली, तिनं तो नीट हुंगला आणि परत जागेवर येऊन बसली.

"खाऊ वाटतेयस का, आई? मार ना! का मी मारू?"

"तू नको. माझ्यापाशी शिकलीय. मलाच विसरवायला हवं."

दुसरा तुकडा त्यांनी ओठ घट्ट मिटून फेकला. तो कोल्हीच्या मागच्या पायावर बसला. ती केकाटली, कोलमडली, गर्रकन उठली. तिनं स्कूटरींकडे पाहिलं. भिंतीकडे पाहिलं. रस्त्याच्या दिशेनं कान टवकारले. खिडकीकडे मात्र एकदाही पाहिलं नाही.

मग ती तीन पायांवर पळत सुटली.

"पळाली! आई, पळा—" लेकीचा शब्द अर्धाच राहिला.

बाईंनी खिडकीतून खाली वाकून पाहिलं. कोल्ही त्यांच्याच खिडकीखाली येऊन भिंतीला पाठ चिकटवून उभी होती. दुखरा पाय वर उचललेला, अंग धापेसरशी हलत होतं. तोंड बाहेरच्या बाजूला होतं. समोरच्या रिकाम्या रस्त्याकडे दात विचकून ती गुरगुरत होती.