पोटखराब

"या तुकड्याचा भाव अगदीच कमी लागेल," प्रांतसाहेब म्हणाले. "कागदावर तो पोटखराब आहे. लागवडीला निकामी."

रस्त्यात जमिनी चाललेले सगळे चावडीत जमले होते. तुकडा भिकाजीचा होता, पण चार माणसांत बोलायला तो बुजायचा. तो खाली मान घालून उभा राहिला, तशी मागून त्याची बायको उठली.

"साहेब, त्याच पोटखराबानं आमची चार पोटं भरली. आधी डोळ्यांनी बघा, मग काय ते लिहा."

"काकी, साहेबांना जेवायलाच बोलवा की," कुणीतरी हसलं.

"बोलवते. चटणीला शेंगा तिथल्याच आहेत."

साहेब खरोखरच शेतावर आले. कमरेएवढा दगडांचा बांध आणि आतला हिरवागार भुईमूग त्यांनी बराच वेळ पाहिला. मग पंचनाम्यात 'लागवडीची जमीन' असं लिहायला सांगितलं.

"भिकाजी, हे रान केलं कुणी?"

बायकोचं नाव भिकाजीनं कधी चारचौघांत घेतलं नव्हतं. लग्नात उखाण्यालाही तो लाजून पळाला होता.

"वच्छलानं," तो मोठ्यानं म्हणाला. "एकेक दगड तिनं वेचला, साहेब. सातबाऱ्यावर नाव तेवढं माझं आहे."