मेव्हण्याचं मरण

लाडू घशात अडकला, मेव्हण्यानं दोनदा पाय झाडले आणि तो बाजेवर मरून पडला. तात्याला बरं वाटलं.

तात्याचं काम करायचा गहिनीनाथ. दर जत्रेला गावात ‘तात्याचं घर’ या नाटकाचा नवा भाग व्हायचा. माणसं तीच, घर तेच, भानगड नवी. नाव तात्याचं, घर तात्याचं, स्टेजवरची बाजसुद्धा गहिनीनाथच्याच घरची. पण शिट्ट्या मेव्हण्याला. पहिल्या वर्षी ‘दोन दिस ऱ्हातो, दाजी’ म्हणत पिशवी घेऊन आलेला हा बायकोचा भाऊ अजून गेला नव्हता. त्याचं काम पुंजाराम करायचा. काम कसलं, नुसता येऊन बाजेवर बसायचा, अन् लोक हसून हसून आडवे व्हायचे. बाजारात गहिनीनाथ दिसला की लोक त्यालाच विचारायचे, “मेव्हणा कुठंय?”

म्हणून यंदा त्यानं नाटक लिहिणाऱ्या यशया मास्तरांना गाठलं होतं. “मास्तर, मेव्हणा मारा. न्हाईतर बाज मिळायची न्हाई.”

मास्तरांनी चर्चमधून आल्यावर एक रविवार विचार केला आणि मारला. वर मयतापुढं उभं राहून म्हणायला तात्याला एक लांबलचक भाषण दिलं. दुष्काळात गहिनीनाथच्या म्हशीला चारा मिळत नव्हता, पण भाषण रोज मिळत होतं.

आता तो पुढं आला. घसा खाकरला. गॅसबत्तीला रॉकेल नाही म्हणून नाटक दुपारचंच लावलेलं, त्यामुळं समोरचं एकेक तोंड स्वच्छ दिसत होतं. कुणी हसत नव्हतं. सगळे त्याच्याकडेच बघत होते.

“अरे मेव्हण्या...”

“आगं बया, मेव्हणा गेला गं!” पुढं बसलेल्या बनुबाईनं हंबरडा फोडला.

तिच्यामागं छबूबाई. मग बायांची अख्खी रांग. सकाळी दुष्काळी कामावर खडी फोडून त्या थेट इकडंच आल्या होत्या, त्यामुळं फडक्यात भाकरी होतीच. आणि मयताच्या घरी त्या दिवशी चूल पेटत नाही. शेजारपाजारच्यांनी भाकरी न्यायची आणि घरच्यांना बळंच चार घास चारायचे. कडू घास. त्याला नको म्हणायचं नसतं.

बनुबाई पदर खोचून स्टेजवर चढली.

“आत्याबाई, नाटक हाय हे,” गहिनीनाथ दातात बोलला.

“व्हय रं बाबा, नाटकच हाय सगळं. खा.”

तिनं रेशनच्या मिलो ज्वारीच्या भाकरीचा तुकडा पिठल्यात बुडवून त्याच्या तोंडात कोंबला. तो गिळून त्यानं पुन्हा तोंड उघडलं, “अरे मेव्हण्या...”, तर छबूबाईचा घास तयार. तोंड उघडलं की घास. तिसऱ्या वेळेला ठसका लागला, तर बनुबाई पाठीवर थापट्या मारत म्हणाली, “उमाळा आलाय. येऊ द्या.”

तात्याची बायको झालेला सहादेव तेवढा लुगड्याचा काष्टा सावरत मांडी घालून बसला होता. भाकरी पुढं आली की रडायचा, पोटात गेली की गप व्हायचा. दोन भाकऱ्या संपवल्या त्यानं.

गहिनीनाथ रडायचं निमित्त करून मयतावर वाकला.

“पुंज्या, उठ. तू मेला न्हाईस म्हनून सांग.”

“मास्तरांनी मारलंय, दाजी,” ओठ न हलवता मयत म्हणालं. “लिवल्याबाहेर मी जात न्हाई.”

“मी सांगतो ना, उठ!”

“तुमीच मारा म्हनला व्हता म्हनं. आता मेलोय तर सुखानं मरू द्या.”

गहिनीनाथच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. खरंखुरं. मेलेलं माणूस नुसतं पडून होतं आणि सगळं गाव त्याच्यासाठी रडत होतं. स्वतःच्या तोंडचा घास आणून देत होतं. आणि आपण ताठ उभं राहून महिनाभर पाठ केलेलं बोलतोय, तर तोंडात पिठलं.

तो हुंदके द्यायला लागला. गर्दी एकदम गप झाली. बाया घास हातात धरून थांबल्या. सगळ्या नजरा त्याच्यावर आल्या. गहिनीनाथला ते कळलं. त्यानं एक हुंदका जरा लांबवला. मग हळूच मान वर केली, छाती भरून घेतली आणि...

मेव्हण्याच्या नाकावर माशी बसली.

मेव्हण्यानं ओठ वाकडा केला आणि खालून वर फुंकर मारली. फूः.

आधी एक शिट्टी आली. मग अख्खं पटांगण फुटलं. रडणाऱ्या बाया पदर तोंडात घालून हसायला लागल्या. म्हातारे मांड्या बडवायला लागले. “मेला तरी ऐकंना!” कुणीतरी मागून ओरडलं, आणि हसणं थांबता थांबेना. माशी उडाली, एक घिरटी घालून पुन्हा कपाळावर बसली. सगळं गाव श्वास रोखून त्या माशीकडं बघायला लागलं.

गहिनीनाथ झटकन बाजेच्या उशाशी बसला. डोक्यावरचा पटका सोडला आणि त्याच्या शेवानं माशी हाकलली. ती उडाली, कानाकडून आली. पुन्हा हाकलली. मग हनुवटीवर दुसरी. माशी बसली की फुंकर, आणि फुंकर आली की शिट्ट्या मेव्हण्याला. आता एकही माशी बसू द्यायची नव्हती. तो पटका हलवत राहिला, एका लयीत, मेव्हण्याच्या तोंडावर डोळे लावून.

हळूहळू हसू विझलं. बाया पुन्हा मुसमुसायला लागल्या.

“बघा गं,” छबूबाई डोळ्यांना पदर लावत म्हणाली, “मेव्हणा जित्ता व्हता तवा तात्या म्हनायचा, ह्यो कवा जातू, कवा जातू. आन् आता माशी बसू देईना. माया अशी पोटात आसती.”

पडद्याआडून यशया मास्तर भाषणाचं पहिलं वाक्य पुन्हा पुन्हा सांगत होते. गहिनीनाथचा हात भरून आला होता. त्यानं पटका दुसऱ्या हातात घेतला आणि तोंड मिटून वारा घालत राहिला.